एकतिसाव्या फटक्याची ओळ

परम आदरणीय अध्यक्ष महासचिव शन दाओयुआन महाराज, विधी-खात्याचे उपमंत्री फानसाहेब, व्यासपीठावरचे संपादक, खाली दाटीवाटीने बसलेले नकलनवीस आणि बांधणीकार, आणि ज्यांना निरोप द्यायला आपण जमलो ते आमच्या इतिहास-कचेरीचे ज्येष्ठ नोंदकार लू वेनहंग, म्हणजे माझे लूदादा, या सर्वांना छ्यू झाओलिनचा नम्र प्रणाम.

अध्यक्षांनी मला आधीच बजावलंय, थोडक्यात आटपा, बदक गार होतंय. बदक मेलेलंच आहे महाराज, ते थांबेल.

सात वर्षं आपण दिवंगत सम्राटांच्या कारकिर्दीचा ग्रंथ रचला. चारशे बारा खंड. आज सकाळी रिवाजाप्रमाणे तळ्याकाठी सगळे कच्चे कागद जाळले. ते का जाळतात, हे कुणी मोठ्याने विचारत नाही. पक्क्या प्रतीशी ताडून पाहायला काही उरू नये, म्हणून जाळतात. डोळे सगळ्यांचेच चुरचुरत होते. फानसाहेब म्हणाले, धूर फार झाला. असेल.

मी तीन सम्राट पाहिले. माणूस गेल्यावर त्याचं काय राहतं? थडग्यावर मातीची टेकडी, मरणोत्तर दिलेलं लांबलचक नाव, आणि आपण लिहू ते. दिवंगत महाराजांना दहा हजार वर्षं जगायचं होतं. आपणही रोज पहाटे गुडघे टेकून तेच ओरडत होतो. एकोणपन्नासाव्या वर्षी ते गेले, ओठ काळेनिळे पडून. अमरत्वाच्या गोळ्या! पाऱ्याच्या!

त्या गोळ्यांवरून लूदादांचा एक किस्सा. नोंदकार सिंहासनाच्या डाव्या हाताला उभा राहतो, दिसेल आणि ऐकू येईल ते लिहितो, संध्याकाळी कागद मोहोरबंद पेटीच्या फटीतून आत टाकतो. खुद्द सम्राटालाही तो वाचायची मुभा नाही. एके दिवशी महाराजांच्या हातून गोळी पडली, ती दरबारच्या मांजराने खाल्ली आणि दुपारपर्यंत ते ताठ झालं. महाराजांनी विचारलं, "लू, मांजराचं काय लिहिलंस?"

"मेलं, असं लिहिलंय महाराज."

"गोळीमुळे, असं लिहिलंस की काय?"

"नाही. गोळी खाल्ली, मग मेलं. मधलं काही मी पाहिलं नाही."

महाराज खूप हसले, आणि लगेच दुसरी गोळी गिळली. हसा मंडळी, आम्हीही तेव्हा हसलो होतो. ते मांजर आपल्या चारशे बारा खंडांत कुठेही नाही. पण मी मांजरासाठी उभा राहिलेलो नाही.

लूदादांचा थोरला मुलगा शिझंग दरबारात निरीक्षक होता. राजाची चूक राजाला लेखी सांगायची, हे त्याचं कामच. एका सकाळी तो माझ्या घरी आला, वाफवलेले चार पाव खाल्ले आणि म्हणाला, "छ्यूकाका, उद्या दरबारात नोंदीची पाळी कुणाची?"

"माझी."

"बरं झालं. गोळ्यांविरुद्धचा अर्ज उद्याच देतो. बाबा तिथे उभे नकोत."

त्याने मला अर्ज वाचायला दिला. तो मी वाचला. असा अर्ज देणाऱ्याचं काय होतं ते मला ठाऊक होतं, आणि ते नोंदवणाऱ्याकडेही पुढे कुणी चांगल्या नजरेने पाहत नाही. त्याला मी काय म्हणालो? "काळजी घे." दुपारी लूदादांना निरोप पाठवला, पोट बिघडलंय, उद्या माझी पाळी तुम्ही घ्या.

माझं पोट ठणठणीत होतं. लूदादा, हे मी तुम्हाला अकरा वर्षांत सांगितलं नाही.

दुसऱ्या दिवशी महाराजांनी चाळीस फटक्यांची शिक्षा फर्मावली. दक्षिण दरवाजासमोर, सगळ्या अधिकाऱ्यांच्या देखत. बाप कागद घेऊन पाच पावलांवर उभा. त्या दिवशीची ओळ मला पाठ आहे: "निरीक्षक लू शिझंग यास चाळीस फटके. एकतिसाव्यास प्राण गेला. हुकूम चाळीसचा असल्याने उरलेले नऊ प्रेतावर मारले." अक्षर कुठेही हललेलं नाही. खाली सही, लू वेनहंग. आपला मुलगा, असा शब्दही नाही.

ग्रंथ रचताना ते वर्ष माझ्या वाट्याला आलं. वरून सूचना आली, ओळ सौम्य करा. कुणाकडून, ते सांगत नाही. लेखणी माझ्या हातात होती. मी लिहिलं, "निरीक्षक लू शिझंग आजारपणामुळे घरी परतला." आणि मला बढती मिळाली, माझ्या छातीवरच्या हुद्द्याच्या भरतकामातला बगळा जाऊन तिथे रानहंस आला. हा पाहा, चांगला रेशमी आहे.

शेवटच्या तपासणीत ते पान लूदादांपुढे गेलं. त्यांनी ते वाचलं. मग मला म्हणाले, "आजार कोणता होता, तेवढं तरी लिहायचंस." इतकंच. आज सकाळी त्यांनी स्वतःची पेटी स्वतःच्या हाताने आगीत रिकामी केली, आणि वेळेवर इथे जेवायला आले. मला लाज वाटते. या माणसाच्या शेजारी मी वीस वर्षं बसलो, याची लाज वाटते.

अध्यक्ष महाराज उठून उभे राहिलेत. एकच गोष्ट सांगतो आणि बसतो. आजचं मद्य नव्या सम्राटांनी पाठवलंय, म्हणून भिंतीपाशी त्यांची रिकामी खुर्ची मांडली आहे. खुर्ची असली की दरबार असतो. दरबार असला की तिच्या डाव्या हाताला नोंदकार असतो. ते पाहा, आमचे ताओ. बदक त्यांनाही मिळालेलं नाही, बिचारे मघापासून लिहितायत. मी जे बोललो ते आता नव्या कारकिर्दीत बोललं गेलंय. संध्याकाळी ते पेटीत जाईल आणि हे सम्राट असेपर्यंत ती पेटी कुणालाच उघडता येणार नाही.

काय म्हणालात अध्यक्ष महाराज? ताओंनी लेखणी खाली ठेवावी?

लूदादा काहीतरी म्हणतायत. शांतता राखा, त्यांचा आवाज बारीक आहे. "ताओ, अध्यक्ष काय म्हणाले तेही लिहा." ऐकलंत? एकतीस वर्षांची सवय!

मला खोटी आशा नाही. हे सम्राटही जातील, पुन्हा ग्रंथ होईल, पुन्हा माझ्यासारखाच कुणी भित्रा ती ओळ सौम्य करील आणि तळ्याकाठी पुन्हा धूर होईल. पण तोवर शिझंग आजारी पडून घरी गेलेला नसेल. तो दरवाजासमोर मेलेला असेल, जसा मेला तसा. लूदादा, परवा तुम्ही गावाकडे, शाओशिंगला जाणाऱ्या बोटीत बसाल. तुमच्याकडे क्षमा मागायला मला तोंड नाही, म्हणून मागत नाही.

आता आभार. आचाऱ्यांचे, कारण बदक खरंच गार झालं. अध्यक्षांचे, त्यांनी मला इतका वेळ तरी बोलू दिलं. दारात येऊन उभे राहिलेल्या शिपाईदादांचेही. येतोच मी, हे दोन शब्द संपवू द्या. सभाजनहो, बोलण्याच्या भरात माझ्याकडून काही कमीजास्त झालं असेल तर मोठ्या मनाने पोटात घाला.

ताओ, तुम्ही मात्र कमीजास्त करू नका. एकतिसाव्यास प्राण गेला. उरलेले नऊ प्रेतावर मारले. लिहिलंत?