दादाचा टँकवाला गेम

हसू नका, पण तवापासून मी त्या कन्सोलला हात लावलेला न्हाई.

आमच्या संजूदादाचं वर्षश्राद्ध होतं. पत्र्यावर घास ठेवला, पण कावळा शिवंचना. दुपार टळली, पाहुणे उपाशी. शेवटी माय मला म्हणली, "त्याचा गेम ऱ्हायला रे."

माझ्या छोट्या कन्सोलमधे शंभर गेम होते, पण लहानपणी आम्ही दोघं खेळायचो तो टँकवाला नव्हता. दादा आजारपणात रोज म्हणायचा, "पेनड्राइव्हनं टाक ना." मी रोज म्हणायचो, "उद्या टाकतो."

मंग तसाच उठलो, गेम टाकला, टीव्हीवर लावला अन् पहिल्याच लेव्हलला थांबवून ठेवला. दोन्ही रिमोट सतरंजीवर ठेवले. बाहेर आलो तर कावळा घास घेऊन गेल्ता.

सगळ्यांची जेवणं झाल्यावर टीव्ही बंद करायला आत गेलो. खोलीत कुणीच न्हाई, रिमोट सतरंजीवरच, अन् गेम नवव्या लेव्हलला. दोन नंबरचा टँक चालून राह्यला. लहानपणी तो कायम दादाचाच असायचा.

मी घाबरून बटणाकडं हात नेला. मागून माय बिलकुल शांतपणे म्हणली, "बंद नको करू. आत्ता कुठं त्याच्या हाती लागला."