आईच्या नावाचा माळ

दाढ ठणकत होती म्हणून मशीनवाला दातांच्या दवाखान्यात गाल धरून बसला होता. समोर एक बाप आणि त्याची तरुण मुलगी येऊन बसले. बापाचा आवाज त्याने लगेच ओळखला. उद्या मशीनने माळावरची झुडपं साफ करायचं काम फोनवर याच माणसाने दिलं होतं.

"तुझ्या आईच्या नावाने झाडं लावतोय, यात वाईट काय गं?"

"आई रोज पहाटे त्या माळावर कशाला जायची, बाबा?"

"चंडोल ऐकायला. वेडच होतं तिला."

"झाडं वाढली की चंडोल जाईल."

"काहीतरीच! झाडं आली की पाखरं येतात."

"येतात, पण दुसरी. चंडोल जमिनीवर घरटं करतो. त्याला बुटकी झुडपं आणि मधे मोकळी जागा लागते. उंच झाडांवर कावळे बसले, की ते खालची पिल्लं टिपतात."

"त्या काटेरी झुडपांत आहे काय? नुसता पडीक माळ."

"आईला कधी पडीक वाटला?"

"मग तिच्यासाठी मी करू तरी काय?"

"काही करू नका. आहे तसा राहू द्या."

"लोक म्हणतील, बायकोसाठी म्हाताऱ्याने इकडची काडी तिकडे केली नाही."

"म्हणू देत."

बापाने खिशातून फोन काढला. मग म्हणाला,

"पण तो मशीनवाला सकाळीच येणार. त्याला आता कुठल्या तोंडाने नाही म्हणू?"

"म्हणालात की आत्ता," मशीनवाला गाल धरूनच म्हणाला. "नाही येत मी."