भरताला वाटेतच सांगितलं

आदरणीय अध्यक्ष गुलाम नबीसाहेब, व्यासपीठावरचे पाहुणे, आज ज्यांना निरोप द्यायचा त्या आमच्या कांताबाई, सहकारी, पालक, आणि सतरंजीवर बसून पायांना मुंग्या आलेल्या मुलींनो,

बाईंनी मारेगावात आयुष्यभर मराठी शिकवलं. पण मुलींना विचारा, त्या म्हणतील, बाईंनी आमचा रामायणाचा पिक्चर काढला. कॅमेऱ्यावर लग्नाची शूटिंग करणारा आपला नौशाद. पहिल्याच दिवशी तो सीतेला म्हणाला, "ताई, इकडे पाहून जरा हसा." बाई म्हणाल्या, "नौशाद, ती वनवासाला निघाली आहे. वरातीला नाही."

भरत झाली होती सहावीतली पायल. तिच्या आईला विचारूनच हे सांगतो. कापूस बुडाल्याच्या या वर्षांत किती घरांतून कर्ती माणसं गेली, हे या सभागृहाला मी काय सांगावं? अशा वेळी आपल्याकडे लेकरांना आधी मामाकडे धाडतात. पायललाही फुलसावंगीला धाडलं. परत आणलं तेव्हा वडिलांचं सगळं उरकलं होतं. त्या दिवसापासून ती आईशी बोलत नव्हती.

भरतही मामाकडेच होता. त्यालाही न सांगताच बोलावून आणलं. तालमीत पायल तिथे अडली.

"बाई, भरताले कोणीच काहून नाही सांगितलं?"

बाई म्हणाल्या, "आपण सांगू."

शूटिंगच्या दिवशी रथ म्हणजे बैलगाडी. सारथी झाली होती जमनी. तिने गावाबाहेरच गाडी थांबवली. "भरता, राजे गेले. घरी पोचायच्या आधी तुले सांगून राह्यलो."

यानंतर भरताने कैकेयीवर संतापायचं होतं. पायलने बैलांकडे पाहिलं. मग म्हणाली, "माय कशी आहे?"

नौशाद कुजबुजला, "बाई, हे रामायणात नाही ना?"

"असू दे. बंद नको करू."

पिक्चर याच सभागृहात दाखवला. एका पाहुण्यांनी विचारलं, मूळ कथा अशी बदलावी का? प्रश्न रास्तच होता. बाईंचं मात्र लक्ष नव्हतं. त्या मागच्या रांगेकडे पाहत होत्या. तिथे पायल आईजवळ जाऊन विचारत होती,

"तू जेवली का?"

"नाही. तू?"

मंडळी, आपण शांतपणे ऐकलंत, आभारी आहे. मानापानात कुणी राहून गेलं असेल तर राग नसावा.

बाई, निरोप वेळेवर द्यावा, हे तुमच्याकडूनच शिकलो. आजचा मात्र द्यायला जीभ रेटत नाही. एवढी चूक पदरात घ्या.