दुसरा स्क्वाटिना

ताई : माझा चष्मा कोणीतरी वापरलाय. काचेवर अंगठा उमटलाय, आणि माझा अंगठा एवढा मोठा नाही.

भावोजी : मी फक्त माझा चष्मा शोधायला घेतला होता.

ताई : मग सापडला?

भावोजी : तुझ्या चष्म्यातून काही दिसलं तर सापडणार ना!

धाकटी : तुमचा संसार आटोपला असेल तर मी बोलू का? मला चार वाजता ऑफिसात परत जायचंय.

ताई : बोलायचं काय राहिलंय? तू दारात चपला काढत होतीस तेव्हाच उत्तर दिलं मी. नाही म्हणजे नाही.

धाकटी : अगं, पत्र तरी उघड. पाकिटावरचा शिक्का बघूनच तोंड फिरवलंस.

ताई : कोश मंडळाचा शिक्का आहे. तो या घरात कधी चांगली बातमी घेऊन आलाय?

धाकटी : आज आलाय. परिभाषाकोशाची नवी आवृत्ती निघतेय. नव्या संपादिकाबाई म्हणतात, माशांचा सगळा विभाग तू तपासून द्यायचास. आणि पहिल्या पानावर तुझं नाव. मागे आभारात नाही हं, पहिल्या पानावर.

ताई : बत्तीस वर्षं मासे माझ्यावाचून पोहतायत. पुढेही पोहतील.

धाकटी : पोहतील. पण तुझा होकार आज गेला नाही, तर जुना मजकूर जसाच्या तसा छापायला जाईल. जसाच्या तसा, कळतंय का? ती स्क्वाटिना माशाची नोंदसुद्धा.

भावोजी : मी काय म्हणतो, चहा टाकू का?

ताई : आत्ताच कप विसळले.

भावोजी : नाही, आपलं... विचारलं.

धाकटी : भावोजी, हा विषय निघाला की तुम्हाला नेमकी चहाची तल्लफ कशी येते हो?

भावोजी : मेहुणीबाई, हा विषय निघाला की मला खरं तर त्या बसची आठवण येते. कॉलेजच्या प्रयोगशाळेतून त्या माशाचा वाळवलेला नमुना घरी आणला होता मी. हिला तो हाताने चाचपून बघायचा होता. म्हणे, न बघता व्याख्या लिहिणार नाही.

ताई : बरोबरच होतं माझं.

भावोजी : बरोबर होतं गं, पण बसमध्ये तो मांडीवर घेऊन मी बसलो होतो. शेजारच्या बाईंनी विचारलं, पतंग का? मी म्हटलं, नाही, मासा. त्या उठल्या आणि तासभर उभ्याने गेल्या.

धाकटी : मी तेव्हा तुमच्याकडेच राहायचे. दार मीच उघडलं. ताईने तो इथे, या टेबलावर पसरला, आणि मी म्हटलं, हा मासा आहे की पायपुसणं?

ताई : पंख फुटलेलं पायपुसणं, असं म्हणालीस. त्या दिवसांत फार तोंड चालायचं तुझं. आताही काही कमी नाही.

धाकटी : इंग्रजीत याला देवदूत म्हणतात हे ऐकून मी खुर्चीवरून पडायचीच बाकी होते.

भावोजी : देवदूतच तो! पुढचे दोन पर बघितलेस ना, केवढे रुंद? आणि ते डोक्याला जोडलेले नसतात. पाकट असते ना, ती चपटी, तिचे जोडलेले. म्हणून हा दिसायला पाकट, पण खरा मुशीच, म्हणजे शार्क. वाळूत अंग पुरून पडून राहतो, डोळ्यांमागच्या दोन भोकांतून पाणी आत घेतो, आणि वरून एखादा मासा गेला की...

ताई : अहो, तास संपला. घंटा झाली.

भावोजी : पस्तीस वर्षं शिकवलं. घंटेनंतरचं एक वाक्य मला नेहमी माफ असायचं.

धाकटी : आणि मराठी नाव शोधताना! मी पहिल्या फटक्यात सुचवलं, देवमासा.

ताई : देवमासा म्हणजे व्हेल.

धाकटी : ते तू तेव्हाही अगदी याच आवाजात म्हणालीस. मग मी म्हटलं, परीमुशी.

ताई : आणि हे म्हणाले, दूतमुशी. मला वाटलं, आता ही कोणाचा निरोप घेऊन आलीय! तीन दिवस गेले आपले त्या एका नावात. चपलांच्या खोक्यांत नोंदींची कार्डं, खिडकीशी तुझी प्रुफं, मध्ये ह्यांची जाडजूड पुस्तकं. कोपर हलवायला जागा नसायची.

धाकटी : एक शिंकला की तिघांची कार्डं उडायची. आणि प्रुफं वाचणं आठवतं? तू कार्ड मोठ्याने वाचायचीस, मी प्रुफावर बोट धरायचे. विरामचिन्हांसकट. शेवटी आपण बोलायलाही तसंच लागलो. ताई स्वल्पविराम भूक लागली पूर्णविराम.

भावोजी : मी एकदा विचारलं, आज स्वयंपाक कोण करतंय? तर दोघी एका सुरात म्हणाल्या, प्रश्नचिन्ह.

ताई : मजा होती. शेवटी ठरलं, शास्त्रीय नावच नागरीत लिहायचं. स्क्वाटिना. लॅटिन बोलणाऱ्या लोकांचं या माशाचं फार जुनं नाव. त्याच्या खरखरीत कातडीने त्या काळी लाकूड घासायचे. मला ते आवडलं. म्हटलं, आकाशातल्या देवदूतापेक्षा सुताराच्या हातातला मासा बरा.

धाकटी : बघ! तोंडपाठ आहे तुला. आणि म्हणे काम विसरले.

ताई : विसरले असं मी म्हटलंच नाही. करणार नाही म्हटलं.

धाकटी : बरं, नको करूस. नुसतं ऐक. नव्या आवृत्तीचं प्रूफ आणलंय, त्यातली नोंद वाचते.

ताई : नको.

धाकटी : 'स्क्वाटिना : स्क्वाटिना प्रजातीतील एक जाती.'

भावोजी : मी खरंच चहा...

ताई : तुम्ही बसा हो. काय गं, झालं वाचून? झालं समाधान?

धाकटी : नाही. मला समजावून सांग. संपादिकाबाईंनी विचारलं, यात चुकलंय कुठे? आणि माझी त-त प-प झाली.

ताई : तुझी? जन्मभर प्रुफं वाचून?

धाकटी : सांग ना.

ताई : हे बघ. शास्त्रीय नावात दोन शब्द. पहिला प्रजातीचा, तो आपल्या आडनावासारखा. दुसरा जातीचा, तो जिचा तिचा. स्क्वाटिना आडनावाच्या वीसेक जाती आहेत. त्यातल्या एका जातीचं नाव आधीपासून स्क्वाटिना होतं, पुढे त्याच नावाने अख्खी प्रजाती काढली. म्हणजे तिचं नावही तेच आणि आडनावही तेच. ती एकटी जाती सांगायची असेल तर स्क्वाटिना स्क्वाटिना असं दोनदा म्हणायचं. नुसतं स्क्वाटिना म्हटलं की वीसच्या वीस आल्या. त्यांचं कुल म्हणायचं असेल तर स्क्वाटिनिडी. मी कार्डावर लिहिलं होतं, 'स्क्वाटिना स्क्वाटिना : स्क्वाटिना प्रजातीतील एक जाती.' त्यातला दुसरा शब्द गेला, आणि मासा स्वतःच्याच पोटात शिरला.

धाकटी : कोश निघाला तेव्हाच्या त्या परीक्षणात हेच वाक्य होतं ना?

ताई : हेच. वाक्य झकास होतं. माझ्याबद्दल नसतं तर मीही हसले असते.

भावोजी : रोमन लिपीत असं झालंच नसतं बघ. तिथे प्रजातीचं पहिलं अक्षर मोठं, जातीचं लहान. बघताक्षणी कळतं, हे दोघं वेगळे आहेत. आपल्या नागरीत कुठलं मोठं अक्षर आणि कुठलं लहान? दोन्ही स्क्वाटिना सारखेच, जुळ्यांसारखे.

ताई : त्यातून आपली भाषा अशी. गरम गरम, लाल लाल. वाचणाऱ्याला वाटायचं, हा मासा फार म्हणजे फारच स्क्वाटिना दिसतोय!

धाकटी : तसं नाही वाटलं. जुळणी करणाऱ्याने शब्द चुकून दोनदा घेतलाय, असं वाटलं.

ताई : कोणाला वाटलं?

धाकटी : ताई, मला मंडळात नोकरीला लागून तीन महिने झाले होते. तू तापाने आडवी होतीस, म्हणून शेवटचं प्रूफ मी एकटीने वाचलं. मनातल्या मनात. मोठ्याने वाचलं असतं तर थांबले असते. आणि तूच शिकवलं होतंस, एक शब्द लागोपाठ दोनदा दिसला, की डोळे मिटून दुसरा खोड.

ताई : डोळे मिटून, असं मी कधीच म्हटलेलं नाही.

धाकटी : मी खोडला. मीच. मग ते परीक्षण आलं, मंडळाची बैठक बसली, आणि मी तोंड उघडायच्या आत तू उभी राहून सांगितलंस, कार्डातच चूक होती, माझ्या हातून झाली. पुढच्या सगळ्या खंडांतून तुला काढलं. मी मागच्या खुर्चीत बसून माझ्या पायांकडे बघत होते. या महिनाअखेर मी निवृत्त होतेय. त्याआधी एकदा हे तुझ्या तोंडावर सांगायचं होतं.

(भावोजी उठून स्वयंपाकघराच्या दारापर्यंत जातात, आणि परत येऊन बसतात.)

भावोजी : ते प्रूफ या टेबलाच्या खणात आहे. तळाला अंथरलेल्या कागदाखाली.

धाकटी : काय?

भावोजी : समासात तुझ्या अक्षरात लिहिलंय, 'दुबार, काढा.' खण साफ करताना सापडलं मला. झाली त्याला पंधरा-सोळा वर्षं. होतं तसं परत ठेवलं.

ताई : तुम्हाला सापडलं होतं? आणि मला बोलला नाहीत?

भावोजी : तू मला कुठे बोलली होतीस?

धाकटी : म्हणजे ताई, तुला तेव्हापासूनच माहीत होतं?

ताई : बैठकीच्या आधीच ते फायलीतून काढून पिशवीत घातलं होतं मी. तुझा तो 'द' मैलावरून ओळखू येतो, पोट सुटल्यासारखा.

धाकटी : आणि मी मूर्ख! तुला काही ठाऊक नाही असं समजून, तुझ्या दर वाढदिवसाला गपगुमान एक पेन आणून देत राहिले.

ताई : एकतीस. एका वर्षी तू आजारी होतीस. कपाटात ओळीने लावून ठेवलीयत. लिहायला काही नाही, आणि पेनं एकतीस.

धाकटी : पण तू तर म्हणायचीस, कार्डांचा वीट आला होता, घरात जीव रमला.

ताई : म्हणायचे. वाक्य बरं होतं. लोकांना पटायचं.

भावोजी : मला नाही पटायचं. दुपारी जेवणं झाली की पेन्सिल घेऊन वर्तमानपत्रातल्या चुका दुरुस्त करत बसायचीस तू. रोज. जाहिरातींतल्यासुद्धा.

ताई : मग तेव्हा विचारायचं होतं.

भावोजी : मी चहा टाकायचो.

धाकटी : ताई, मी आज ऑफिसात गेल्या गेल्या लेखी देते. चूक कोणाची होती, कोणी अंगावर घेतली, सगळं. मग तू काम घे, नाहीतर नको घेऊस. तुझ्यावर सोडलं.

ताई : लेखी काय द्यायचं ते दे. आधी ते प्रूफ इकडे कर. जुनं नव्हे, नवं. आणि पेन दे. कपाटातलं नको, शाया सुकल्या असतील सगळ्या. तुझ्या पर्समधलं दे.

धाकटी : हे घे.

ताई : स्क्वाटिना. मग जागा सोडून, पुन्हा स्क्वाटिना. आणि समासात लिहिते, 'नाव दोनदाच आहे. दुसरे खोडू नये.'

धाकटी : हे मला टोचून लिहिलंस का?

ताई : तुझ्या खुर्चीत तुझ्यामागून जी कोणी बसेल, तिच्यासाठी लिहिलं. तिलाही तीन महिनेच झाले असतील.

भावोजी : म्हणजे काम घेतलंस तू?

ताई : हातात प्रूफ आहे माझ्या. तेवढं तरी दिसतंय ना चष्म्याशिवाय? ही पाकटीची नोंद बघा, हिला कोणी शेपूटच दिलेलं नाही. आणि इथे कल्ल्यांच्या जोड्या पाचाऐवजी चार लिहिल्यात. काय चाललं होतं बत्तीस वर्षं!

धाकटी : ताई, माझ्याकडे बघ ना.

ताई : काम करतेय.

धाकटी : तू माझ्यासाठी केवढं केलंस. मी तर सगळ्यांना कायम सांगते, मोठी बहीण असावी तर अशी.

ताई : ते सांगणं आधी बंद कर. दर वेळी ऐकते आणि दाताखाली खडा येतो. मी केलं, मला करावंसं वाटलं, ते खरंच. पण बैठकीच्या दुसऱ्या दिवशी सकाळी तू केस विंचरून कामाला निघालीस, आणि जाताना दारातून विचारलंस, ताई, येताना काही आणू का? मी इथे रिकामं टेबल पुसत होते. मला तुझा राग आला. फार राग आला गं. आणि तो कोणाला सांगायचीही सोय नव्हती, कारण चूक माझी आहे, असं मीच सांगून बसले होते.