खड्ड्यातून आलेला आवाज

मंडळी, आधी प्रश्न, मग कथा. ज्यानं आपल्या ताटातला घास पळवला, त्यालाच ठसका लागला — तर पाणी द्यावं का? 'हो' म्हणालात? खांबाला टेकलेले अप्पा तर सगळ्यांत मोठ्यानं म्हणाले! बरं. देवळात सगळेच हो म्हणतात.

ऐका तर. युरोपात स्लोव्हाकिया नावाचा डोंगराळ मुलूख. बुवा आज फार लांब निघाले म्हणता? अहो, मत्सराला कुठं पासपोर्ट लागतो! तिथं व्हिल्मा नावाची सिनेनटी. धनगराची लेक. खर्जातला, किंचित घोगरा आवाज — ती पडद्यावर बोलू लागली की खोकणारी माणसं खोकायची थांबत!

साल एकोणीसशे अडुसष्ट. परक्या, रशियाच्या फौजेचे रणगाडे देशात शिरले. पुढं एका सरकारी साहेबानं व्हिल्मापुढं कागद सरकवला — "फौज आली ते बरंच झालं, असं लिहिलंय. सही करा."

व्हिल्मा म्हणाली, "साहेब, मी खोटं बोलते ते पडद्यावर. कागदावर नाही."

संपलं! सिनेमे कुलपात, नाव पाट्यांवरून खरवडलेलं. तिची जिवलग मैत्रीण एडिता — तिनं सही केली. व्हिल्माच्या साऱ्या भूमिका तिच्या पदरात!

व्हिल्माला काम मिळालं नाटकात, प्रॉम्प्टरचं. रंगमंचाच्या कडेला खड्डा. त्यात बसून नटाला विसरलेला शब्द कुजबुजून द्यायचा. अट एकच — आवाज प्रेक्षकांत गेला, की हेही काम गेलं. आणि वर उभी कोण? एडिता! नऊ वर्षं, मंडळी, व्हिल्माच्या डोळ्यांसमोर एडिताचे बूट!

एका रविवारी, दुपारचा खेळ. तोच सहीवाला साहेब पहिल्या रांगेत. शेवटचा प्रवेश — मुलगा लढाईवरून परतलेला नाही, सून दिवा मालवायला निघते, सासू तिला अडवते... आणि सासू झालेली एडिता गप्प! वाक्यच आठवेना.

व्हिल्मानं कुजबुजून दिलं. एडिताचे कान भीतीनं बंद. पुन्हा दिलं. नाही! साहेबाच्या भुवया वर चढल्यायत...

गप्प बसली असती, तर कोण दोष देणार होतं? दोनदा दिला होता की शब्द! आपण एकदाच देतो अन् गावभर सांगतो.

व्हिल्मानं मान वर केली — आणि मोठ्यानं म्हणाली,

"दिवा मालवू नकोस. माणूस वाटेत आहे."

नऊ वर्षांनी तो आवाज! मागं एक म्हातारी उठून उभी राहिली. मग तिच्या शेजारचा. मग रांगच्या रांग. टाळी नाही, हाक नाही — नुसती उभी माणसं! एडितानं रडत तेच वाक्य म्हटलं. नाटक पुरं झालं.

दुसऱ्या दिवशी व्हिल्माची रवानगी तळघरात, नाटकाचे कपडे शिवायला. एडिता जिना उतरून आली.

"का गं बोललीस? मी तुझं सगळं घेतलं होतं."

व्हिल्मानं सुईत दोरा ओवला. "वाक्य चांगलं होतं गं. पडू द्यायचं?" मग पायानं स्टूल सरकवलं. "उभी काय राहिलीस? बस. बटणं लाव."

मंडळी, तुमच्याही घरात कुणीतरी आज असं अडखळून उभं असेल. त्याला कोणता शब्द हवाय, तो तुम्हाला पाठ आहे. एकदा कुजबुजून दिलाही असेल, त्याला ऐकू गेला नसेल. म्हणून काय गप्प बसायचं?

अप्पा, मान खाली घालू नका. तिकडं चपलांपाशी बसलाय, तो तुमचा धाकटा भाऊ ना? आत यायला बिचकतोय तो.

टाळ जरा थांबवा रे. अप्पा उठतायत.