रस्त्यापलीकडची मंडळी

आजच्या समारंभाच्या अध्यक्षा आणि या मंडळीच्या मातृमंडळाच्या प्रमुख, आदरणीय भगिनी हॉर्टेन्स व्हिटलो. ज्यांच्यासाठी आपण जमलो ते सत्कारमूर्ती रेव्हरंड अँब्रोज टॉलिव्हर. पुढच्या रविवारपासून ज्यांच्या खांद्यावर हे व्यासपीठ येणार आहे ते तरुण पाळक रेव्हरंड मेब्री. तिसऱ्या बाकावर बसलेले माझे स्वतःचे पाळक रेव्हरंड फिंच. आणि कनान चर्चच्या बंधुभगिनींनो,

मी कॉर्नेल बॅस्कम. बाल्टिमोर शहरात आयुष्यभर बस चालवली, आता निवृत्त आहे. रस्त्यापलीकडच्या न्यू कनान चर्चचा मी डीकन, म्हणजे मंडळीचा सेवक. तुमच्यातले कित्येक जण मला गेली चाळीस वर्षं रोज बघताहेत, रस्त्याच्या पलीकडून. मानेनं नमस्कार, हातानं नमस्कार. गेल्या वसंतापर्यंत शब्द नाही. आणि आज भगिनी व्हिटलोंनी मला सांगितलं, "डीकन, दोन शब्द बोला." मी म्हटलं, "मी? तुमच्या पाळकांच्या निरोपाला?" तर म्हणतात, "थोडक्यात बोला म्हणजे झालं." बाई, प्रयत्न करतो.

आपण समोरासमोर असून लांब का, हे इथल्या म्हाताऱ्यांना ठाऊक आहे, पोरांना नसेल. आपली मंडळी सुरू झाली ती घोड्यांच्या तबेल्यात. बंदरावर कालवं सोलणारे पुरुष आणि लोकांची धुणी धुणाऱ्या बाया. शहरात ज्यांना कुणी दारात उभं करत नव्हतं त्यांनी स्वतःचं दार बांधलं. त्याच्या तळघरात रात्रीची शाळा भरली, कुणी मेलं तर पुरायची वर्गणी तिथं, आजाऱ्याला डॉक्टर तिथं, मतदानाच्या दिवशी रांग तिथूनच निघायची. पण ही वीटबांधणी कुणाच्या पैशातून झाली? लेम्युएल साइक्सच्या. त्याचा दारूचा गुत्ता होता. हसू नका, त्याच्याच विटांवर बसलाय तुम्ही.

तर हा लेम्युएल वारला. भांडण लागलं की, गुत्तेवाल्याची शवपेटी चर्चच्या पुढच्या दारानं आणायची की बाजूच्या? अर्धी मंडळी म्हणाली पुढच्या, अर्धी म्हणाली बाजूच्या. शेवटी पुढच्या दारानंच आणली, आणि बाजूच्या दारावाले उठून रस्ता ओलांडून गेले. ते आम्ही. आमच्या चर्चच्या नियमात पहिल्या दिवसापासून कलम आहे: ज्यानं मंडळीला काळिमा फासला त्याचं शव बाजूच्या दारानं. माझा जन्म त्यानंतरचा. आईच्या दुधाबरोबर मला शिकवलं गेलं की समोरच्या चर्चकडं पाठ करून चालायचं.

आता माझ्या धाकट्या भावाबद्दल बोलतो. रॉस्को.

(सावकाश बोल, लेका, असं कुणीतरी म्हणालं. आभारी आहे, माय. सावकाशच बोलतो.)

रॉस्कोला नशेनं खाल्लं. आणि बारा वर्षांपूर्वी, ईस्टरच्या आदल्या आठवड्यात, त्यानं काय केलं हे मी तुम्हाला सांगायची गरज नाही. याच चर्चच्या तळघरातले तांब्याचे पाइप त्यानं कापून भंगारात विकले. तळघरात पाणी भरलं. गायकांचे नवे झगे गेले, स्वयंपाकघर गेलं, पोरांची पुस्तकं गेली. भंगारवाल्यानं नाव सांगितलं, रॉस्कोला शिक्षा झाली. सुटून आला, नंतर बराचसा सुधारलाही, माझ्याच घरी वरच्या खोलीत राहिला. गेल्या वसंतात छातीत कळ आली आणि गेला.

मी माझ्या पाळकांकडं गेलो. रेव्हरंड फिंच, तुमची परवानगी घेऊनच हे बोलतोय, काल आपलं बोलणं झालंय. त्यांनी माझा हात धरला, माझ्याबरोबर प्रार्थना केली, आणि म्हणाले, "कॉर्नेल, कलम तुलाही माहीत आहे. बाजूच्या दारानं आणू. मी मनापासून प्रवचन करीन." मी डीकन. ते कलम मी स्वतः नव्या सभासदांना वाचून दाखवलेलं. बाहेर आलो आणि आमच्या पायरीवर उन्हात बसलो.

समोर रेव्हरंड टॉलिव्हर शिडीवर चढून फलकावरची अक्षरं बदलत होते. तिथूनच ओरडले, "काय हो डीकन, तब्येत बरी आहे ना?"

चाळीस वर्षांत रस्ता ओलांडून आलेलं ते पहिलं वाक्य. मी दचकलो. म्हटलं, "भाऊ गेला माझा."

"कोण? आमचा पाइपवाला?"

मला वाटलं, धरणी पोटात घेईल तर बरं. म्हटलं, "हो. तुमचा पाइपवाला."

ते शिडीवरून उतरले. हातात ते एक अक्षर तसंच. रस्ता ओलांडून माझ्यासमोर उभे राहिले. "कधी आणताय?"

"कुठं?"

"आमच्याकडं. पुढच्या दारानं."

बंधुभगिनींनो, मला काय ऐकू आलं तेच कळेना. मी म्हटलं, "रेव्हरंड, त्यानं तुमचं तळघर बुडवलं!"

"ते मला सांगताय? त्या पाण्यात गुडघाभर मी उभा होतो."

"आणि तुमची माणसं?"

"माझ्या माणसांचं मी बघतो. तुम्ही त्याचा कोट इस्त्री करून ठेवा."

आता त्यांच्या माणसांचं त्यांनी कसं बघितलं, हे अध्यक्षबाईंनी मला नंतर सांगितलं. बाई, रागावू नका, सगळ्यांना माहीतच आहे. तुम्ही सभेत उभ्या राहिलात आणि म्हणालात, "ज्यानं माझे झगे बुडवले त्याच्यासाठी मी दार उघडू? माझा हात झडला तरी चालेल." आणि अंत्यविधीच्या दिवशी पांढरे हातमोजे घालून त्या दारात कोण उभं होतं? याच बाई. आम्ही पेटी घेऊन पायऱ्यांशी आलो, तर म्हणाल्या, "या आत. पायरीवर चिखल करू नका, सकाळीच घासली आहे."

पण त्याआधी रस्त्यात जे घडलं ते सांगायला हवं. आम्ही रॉस्कोला घरून खांद्यावर आणला. आमची सगळी मंडळी न्यू कनानच्या पायऱ्यांवर उभी. ज्यांच्याशेजारी मी जन्मभर गायलो ती माणसं, आणि मी त्यांच्यासमोरून भावाला दुसऱ्याच्या दारी नेतोय. मान वर होईना. तेवढ्यात युडोरा माय काठी टेकत उतरली. युडोरा क्रम्प, ऐंशी उलटलेली. ते भांडण झालं तेव्हा सगळ्यांच्या पुढं चालत बाहेर पडला तो तिचा बाप. आमच्या चर्चची कोनशिला त्याच्या नावाची आहे. ती थेट रस्त्याच्या मधोमध आली, पेटीच्या मागं.

मी म्हटलं, "माय, कुठं निघालीस?"

म्हणाली, "बापानं मला हाताला धरून त्या दारातून ओढत बाहेर काढलं, तेव्हा माझा एक बूट आत राहिला. जरा बघून येते."

मला सांगा, यावर माणसानं रडावं की हसावं? मी दोन्ही केलं. आणि मागं वळून बघतो तर आमच्या पायऱ्या रिकाम्या होत होत्या. सगळ्या नव्हे. खोटं कशाला बोलू. पण होत होत्या.

आत आलो. आयुष्यात पहिल्यांदा मी हे छत आतून बघितलं. रेव्हरंड टॉलिव्हर याच जागी उभे राहिले आणि पहिलं वाक्य काय बोलले? "या माणसानं माझ्या चर्चमधून चोरी केली."

माझ्या बायकोची नखं माझ्या मनगटात रुतली. मला वाटलं, फसवलं! चारचौघांत उट्टं काढायला बोलावलं. मी उठणारच होतो.

ते पुढं म्हणाले, "पाणी भरलं त्या सकाळी शेजारपाजारचे मदतीला धावले. चोर कोण ते कुणाला माहीत नव्हतं. त्या गर्दीत हा रॉस्कोही होता. मी विचारलं, तू रे कसा इकडं? म्हणाला, पाणी किती चढलंय ते बघायला आलो. मी त्याच्या हातात बादली दिली. संध्याकाळपर्यंत सगळ्यात जास्त पाणी कुणी उपसलं, सांगा बरं? भगिनी व्हिटलो, तुमचे झगे डोक्यावर घेऊन वर कुणी आणले? दुसऱ्या दिवशी पोलिसांनी त्याचं नाव सांगितलं आणि आपण सगळे ती बादली विसरलो. मीही विसरलो. मला तर राग याचा होता की, त्याला मी तळलेल्या माशाचा दुसरा तुकडा वाढला होता."

कुणीतरी हुंदका दिला. तो मीच. त्याच्या खोलीच्या खाली मी इतकी वर्षं झोपलो, पण रॉस्को त्या दिवशी इथं होता हे मला माहीत नव्हतं. त्यानं सांगितलं नाही. सांगितलं असतं तरी मी विश्वास ठेवला असता का? आज काही महिने झाले, पण पहाटे जाग आली की, अजूनही मला ती बादली दिसते आणि मी उठून बसतो.

जेवण खाली तळघरात होतं. मासे, पालेभाजी, रताळ्याची गोड पाई. आम्ही ताटं घेऊन उभे होतो, तर जिन्यावर पावलं वाजली. रेव्हरंड फिंच. रांगेच्या शेवटी उभे राहिले, इतरांसारखे. भगिनी व्हिटलोंनी त्यांना माशाचा शेपटाकडचा तुकडा वाढला. त्यांनी तो निमूट खाल्ला. आमच्या सभेनं मागच्या महिन्यात ते कलम काढून टाकलं, आणि ठराव मांडला रेव्हरंड फिंच यांनीच. टाळ्या त्यांच्यासाठी वाजवा, माझ्यासाठी नको.

आता शेवटचं. हे या मंडळीला माहीत नाही. अध्यक्षबाईंनाही नाही. रेव्हरंडनी मला सांगितलंय की, तुम्हीच सांगा, माझ्या तोंडून निघणार नाही.

गेल्या मंगळवारी ते आमच्याकडं आले. मला म्हणाले, "डीकन, निवृत्त पाळकानं आपल्याच चर्चमध्ये बसू नये. बसलो, तर माणसं मेब्रीचं प्रवचन ऐकतील आणि माझ्या चेहऱ्याकडं बघतील. पोराला श्वास घेऊ द्यायला हवा."

मी विचारलं, "मग जाणार कुठं? मुलीकडं?"

म्हणाले, "तुमच्या बाकावर जागा आहे का?"

होय. तुम्ही बरोबर ऐकलंत. मलाही तुमच्यासारखंच झालं होतं. शांत व्हा, बंधुभगिनींनो, शांत व्हा. भगिनी व्हिटलो, पाणी घ्या.

मी म्हटलं, "रेव्हरंड, आमचे बाक कडक आहेत. आमचा गायकवृंद, देवाची क्षमा मागून सांगतो, तुमच्याइतका चांगला नाही."

ते म्हणाले, "मला बोलायला लावणार का?"

"नाही."

"प्रार्थना म्हणायला?"

"नाही. नुसतं बसायचं."

त्यांनी टोपी काढली, चेहऱ्यावरून हात फिरवला. म्हणाले, "मग येतो."

चौतीस वर्षं हा माणूस तुमच्यासाठी उभा होता. लग्नात उभा, पुरताना उभा, न्यायालयात, इस्पितळात, मतदानाच्या रांगेत, पाण्यात उभा. त्याला बसू द्या.

मला बोलावलंत, ऐकून घेतलंत, आमच्या माणसाला पुढचं दार उघडलंत, याबद्दल मी आणि माझं घर आपले ऋणी आहोत. बस चालवणाऱ्याच्या तोंडी वळणं जरा जास्त येतात. कुठं कुणाला धक्का लागला असेल, तर पोटात घाला. आणि आता मीही बसतो.