आईच्या खाटेवरचा दिवा

जबाब देणारी : मयताची मुलगी, वय ५४ वर्षे, धंदा लाँड्रीत कपड्यांना इस्त्री करणे, राहणार लाँड्रीच्या वरच्या दोन खोल्या.

मी समक्ष हजर राहून सांगते की, वरील ठिकाणी मी आईसोबत राहते. माझा धाकटा भाऊ नाट्यगृहातले दिवे दुरुस्त करायचा. तो बायको-मुलीसह गल्लीच्या टोकाला राहत होता. सदैव तापलेला म्हणून गल्लीत त्याला 'फ्यूज' म्हणत.

आई आजारी पडली आणि डॉक्टरांनी हात टेकले, तेव्हा भावाने स्वतः बनवलेला एक दिवा आणला. त्याच्या उजेडात वेळ जवळजवळ थांबतो, असे तो म्हणाला. माझा विश्वास बसला नाही. त्याने उजेडात चहाचा कप ठेवला. दुसऱ्या दिवशीही त्यातून वाफ निघत होती.

तो दिवा त्याने आईच्या खाटेवर टांगला. बटण दाराशी बसवले. आईचा एक श्वास आत जाऊन बाहेर यायला बरेच दिवस लागू लागले. दुखणे थांबले की नाही हे विचारता येत नव्हते. भाऊ म्हणायचा, "ताई, औषध निघेपर्यंत तिला अशीच धरून ठेवू."

पुढे एका दुपारी तो म्हणाला, "जरा तिचा हात धरून बसतो. दिव्याला हात लावू नकोस, माझा मी उठेन." एरवी तो उजेडाच्या कडेला उभा राहून लगेच मागे व्हायचा. त्या दिवशी थेट मधोमध स्टुलावर बसला. तिथे वेळ किती मंद आहे याचा अंदाज त्याला आला नसावा. तो उठला नाही.

आम्ही हाका मारल्या. दोरी टाकून पाहिली. दोरीचे टोक उजेडात शिरले की तिथेच अधांतरी राहायचे. भावजय म्हणाली, "ताई, बंद करा तो दिवा."

मी म्हणाले, "क्षणभर बंद केला तरी आई जाईल गं, श्वास संपत आलाय तिचा."

ती म्हणाली, "आणि चालू ठेवला तर माझा माणूस कुठे आहे?"

मी बटण दाबले नाही. तिनेही बटणाला हात लावला नाही. हे सहा वर्षे चालले. भावजयीने शिवणकाम धरले. दर रविवारी ती मुलीला घेऊन यायची आणि दोघी दाराशी बसायच्या. भाऊ बसला तेव्हा मुलगी रांगत होती. आता शाळेत जाते. मी रोज दाराबाहेरून खोली झाडत असे.

आज दुपारी मुलीने मला विचारले, "आत्या, मी बाबांपेक्षा मोठी होणार का?" भावजय खाली मान घालून बसली होती. मी उठून बटण दाबले. मला कोणी सांगितले नव्हते.

आईने राहिलेला श्वास सोडला, भावाकडे पाहिले, "उकडतंय रे," म्हणाली आणि गेली.

भाऊ मागे न पाहता म्हणाला, "ताई, बल्ब गेला वाटतं, दुसरा आण, पळ." मी जागची हलले नाही. तेव्हा तो वळला. "ताई, तुझे केस..." एवढेच बोलला. मग मुलीकडे पाहून म्हणाला, "ही कोणाची?" मुलगी भावजयीच्या पाठीमागे गेली. भावजयीला रडू आवरत नव्हते.

मी आईला मारले अशी भावाची तक्रार आहे. त्याच्याविरुद्ध मला काही सांगायचे नाही. त्याच्या हिशेबाने तो आईजवळ घटकाभर बसला होता आणि मी मध्येच दिवा घालवला. त्याला आधी जेवायला द्यावे, एवढी विनंती आहे. भावजयीचा यात हात नाही. दिवा बटणासकट ठाण्यात आणून दिला आहे, तो पुन्हा कोणी लावू नये.

वरचा मजकूर हवालदारांनी मला मोठ्याने वाचून दाखवला. भाऊ बाहेर बाकावर बसला आहे, त्यालाही ऐकू गेला असावा. मी सांगितले तसेच उतरले आहे. आईपुढे 'मयत' लिहिले आहे, तेही बरोबर आहे.